सार्वजनिक उपद्रव, सरकारी हुकूम आणि आपण

(आंबी येथे भरलेल्या पालक-विद्यार्थी मेळाव्यात दिलेले भाषण)



दरवर्षी या व्यासपीठावरून आपण शिक्षणाच्या महत्त्वाविषयी बोलतो. मुलगा डॉक्टर व्हावा, मुलगी शिक्षिका व्हावी, कोणी स्पर्धा परीक्षा द्यावी, हे सारे योग्यच आहे. परंतु शिक्षणाचा आणखी एक साधा उपयोग आहे, त्याकडे आपले दुर्लक्ष होते. घरी सरकारी कागद आला, तर तो शेवटच्या ओळीपर्यंत वाचणे, त्यावरची तारीख लक्षात ठेवणे आणि त्याला वेळेवर उत्तर देणे, हा तो उपयोग. आज मी त्याविषयी बोलणार आहे. मी वकील नाही. बी. ए., बी. एड. झालेला साधा शिक्षक आहे. पण आमच्या घरात एक प्रसंग घडला आणि त्यानंतर मी या विषयाचे थोडेफार वाचन केले. ते आपणापुढे मांडतो.

विषयाचे नाव जरा जड आहे. सार्वजनिक उपद्रवाच्या तक्रारीत प्रांतसाहेब किंवा तहसीलदार जो हुकूम काढतात, तो कोर्टात कसा तपासला जातो, हा आजचा विषय.

सार्वजनिक उपद्रव म्हणजे काय? माझ्या शेजाऱ्याचे पन्हाळ माझ्या भिंतीवर गळते, हे आम्हा दोघांचे भांडण झाले. त्याला दिवाणी कोर्ट आहे. परंतु एखाद्याने गावाची वाट अडवली, वस्तीत घाण पाणी सोडले, रस्त्याकडेला खोल खड्डा खणून त्याला कुंपण घातले नाही, एखादी पडायला झालेली भिंत शाळेच्या वाटेवर झुकली, किंवा एखाद्या धंद्याच्या धुराने, वासाने, आवाजाने आळीतल्या लोकांचे आरोग्य आणि स्वास्थ्य बिघडले, तर तो सार्वजनिक उपद्रव होतो. त्रास एकाला की सर्वसामान्य लोकांना, हा येथे पहिला प्रश्न असतो.

अशा वेळी लोकांनी वर्षानुवर्षे दिवाणी दावा लढवत बसावे, असे कायद्याला वाटत नाही. म्हणून जिल्हाधिकारी, प्रांत आणि सरकारने खास अधिकार दिलेले इतर कार्यकारी दंडाधिकारी यांना लवकर हुकूम काढण्याची सत्ता दिली आहे. पूर्वी फौजदारी प्रक्रिया संहितेचे कलम 133 यासाठी होते. कोर्टकचेरीत आजही लोकांच्या तोंडी हाच आकडा असतो. 1 जुलै 2024 पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहिता लागू झाली आणि तीच तरतूद आता कलम 152 मध्ये आहे.

या सत्तेची रचना समजून घेण्यासारखी आहे. पोलिसांचा अहवाल येतो किंवा गावकऱ्यांचा अर्ज येतो. दंडाधिकारी प्रथम जो हुकूम काढतात तो सशर्त असतो. म्हणजे त्यात असे लिहिलेले असते की, अमुक दिवसांत हा अडथळा काढा, अथवा हा धंदा बंद करा, अथवा तो अमुक रीतीने चालवा. आणि हे मान्य नसेल तर अमुक तारखेला हजर राहून कारण दाखवा. मित्रहो, या हुकुमातला 'अथवा' आणि 'नसेल तर' हे शब्द फार मोलाचे आहेत. आपला माणूस पहिला भाग वाचतो आणि घाबरतो, किंवा रागावतो. दुसरा भाग वाचतच नाही.

माणूस हजर राहिला, तर दंडाधिकाऱ्यांना पुरावा घ्यावा लागतो. दोन्ही बाजूंचे साक्षीदार, कागद, पंचनामा. हवे तर ते जागेची पाहणी करवू शकतात, जाणकाराला बोलावू शकतात. ज्या वाटेबद्दल तक्रार आहे ती सार्वजनिक वाटच नाही, असे कोणी म्हणाला आणि त्याच्याकडे विश्वसनीय पुरावा असेल, तर त्या हक्काचा निवाडा सक्षम न्यायालयाकडून होईपर्यंत दंडाधिकाऱ्यांना थांबावे लागते. नव्या संहितेत पुराव्याचे हे काम 90 दिवसांत संपवावे आणि कारणे लिहून फार तर 120 दिवसांपर्यंत न्यावे, अशी मुदतही घातली आहे. चौकशीअंती पहिला हुकूम वाजवी वाटला तर तो कायम होतो. नाही तर प्रकरण तेथेच मिटते. इंग्रजांच्या वेळच्या 1898 च्या संहितेत तर अशा माणसाला पंचांची, म्हणजे ज्यूरीची मागणी करता येत असे. 1973 च्या संहितेने ती पद्धत काढून टाकली. त्यामुळे आता स्वतः हजर राहून पुरावा देणे हेच आपल्या हाती उरले आहे.

आणि माणूस हजर राहिलाच नाही तर? मग हुकूम आपोआप कायम होतो आणि तो मोडल्याबद्दल शिक्षाही होऊ शकते.

येथे मी माझ्या घरचा प्रसंग सांगतो. गावाचे नाव घेत नाही, अधिकाऱ्याचेही नाही. कारण मला कोणाला दोष द्यायचा नाही. दोष द्यायचाच तर तो माझ्याकडे येतो.

माझे चाचा दुसऱ्या तालुक्यात कोंबड्यांची शेड चालवीत. स्वतःच्या पाच-सात गुंठ्यांत, पत्र्याची, साधी शेड. सुरुवातीला आजूबाजूला भातखाचरे होती. पुढे रस्ता झाला, जमिनी विकल्या गेल्या, घरे उठली. चाचांची शेड जागची हलली नाही, वस्ती मात्र तिच्याजवळ आली. पावसाळ्यात कोंबडखत ओले व्हायचे, माशा व्हायच्या, वास यायचा. आम्ही घरची माणसे म्हणायचो, आम्हाला तर वास येत नाही. सवयीचा वास घरच्यांना येत नसतो, ही गोष्ट मला फार उशिरा कळली. शेजारच्या घरांत लहान मुले होती. त्यांच्या ताटावर माशा बसत होत्या. त्यांनी अर्ज केला, यात त्यांचे काही चुकले नाही.

मग कागद आला. चाचा बाजारला गेले होते. चाचीने तो घेतला नाही. पोलीस पाहून ती घाबरली. तेव्हा तो रीतसर दारावर चिकटवला गेला. मी बी. ए.च्या शेवटच्या वर्षाला होतो आणि सुट्टीत त्यांच्याकडे गेलो होतो. पावसाने कागद फाटेल म्हणून मीच तो काढला, वरची ओळ वाचली, चाचांना म्हणालो, "तहसीलचा काहीतरी कागद आहे," आणि रेशनकार्डाच्या डब्यात ठेवून दिला. चाचा म्हणाले, "जागा माझी आहे. मला कोण काय करणार?" मला तेवढे पटले. मी सुट्टी संपवून परत आलो.

तारखेला कोणी गेले नाही. हुकूम कायम झाला. शेड पंधरा दिवसांत काढून टाका, असा दुसरा कागद आला, तेव्हा चाचांनी रडत रडत मला बोलावले. तोवर खाद्याच्या व्यापाऱ्याने उधारीचा तगादा लावला होता. चाचांनी पक्षी मिळेल त्या भावाने विकले, पत्रे उतरवून विकले आणि उधारी फेडली.

पुढे काही महिन्यांनी एका ओळखीच्या वकीलसाहेबांना मी दोन्ही कागद दाखवले. त्यांनी ते शेजारी शेजारी ठेवले आणि मला वाचायला सांगितले. पहिल्या कागदात लिहिले होते की, खत रोजच्या रोज उचला, माशांचा बंदोबस्त करा, नाही तर अमुक दिवशी येऊन कारण दाखवा. शेड काढा असे त्यात कुठेच नव्हते! दुसऱ्या कागदात मात्र शेडच काढा असे होते. वकीलसाहेब म्हणाले, "मास्तर, यावर रिव्हिजन करता आली असती. जे पहिल्या हुकुमात मागितलेच नाही ते शेवटच्या हुकुमात कसे आले, हे कोर्टाने विचारले असते. नव्वद दिवस होते तुमच्याकडे." मुदत उलटून गेली होती. उशीर माफ करण्याचा अर्ज करता येतो, हेही त्यांनी सांगितले. पण चाचा म्हणाले, "कोर्ट हुकूम फिरवील बेटा, पत्रे कुठून आणील?" आणि ते बरोबर होते. पुढे चाचा दुसऱ्याच्या पोल्ट्रीवर राखणीला राहिले.

खत रोज उचलणे, जाळी लावणे, चुना टाकणे, यात चाचांना काही अशक्य नव्हते. तारखेला जाऊन एवढे कबूल केले असते, तर शेजाऱ्यांचा त्रासही गेला असता आणि शेडही राहिली असती. घरात एक पदवीचा विद्यार्थी असताना एक पानाचा कागद कोणी पुरा वाचला नाही, म्हणून हे झाले. ही खंत माझ्या मनात कायमची आहे.

आता रिव्हिजन म्हणजे काय ते पाहू. प्रांतांच्या किंवा तहसीलदारांच्या अशा हुकुमावर अपील नसते. दिवाणी कोर्टातही त्या हुकुमाला आव्हान देता येत नाही. कायद्यानेच तशी मनाई केली आहे. त्यामुळे पुष्कळ लोक समजतात की प्रांतांचा शब्द शेवटचा. तसे नाही. सत्र न्यायाधीश किंवा उच्च न्यायालय यांना खालच्या फौजदारी न्यायालयाचे दप्तर मागवून ते तपासण्याचा अधिकार आहे. जुन्या संहितेत हे कलम 397 होते, नव्या संहितेत 438 आहे. त्याच कलमाखाली स्पष्ट लिहिले आहे की, दंडाधिकारी न्यायिक असो वा कार्यकारी, या कामापुरता तो सत्र न्यायाधीशांच्या खालचा मानला जाईल. म्हणजे महसूल खात्याच्या कचेरीत बसून काढलेला हा हुकूमही कोर्टाच्या नजरेखालून जाऊ शकतो. त्यासाठी अर्ज नव्वद दिवसांत करावा लागतो. सत्र न्यायालयात जायचे की उच्च न्यायालयात, हे एकदाच ठरवावे लागते. एकाकडे रिव्हिजन केल्यावर त्याच माणसाला दुसऱ्याकडे पुन्हा रिव्हिजन करता येत नाही. आणि चौकशी चालू असताना मधल्या मधल्या निघणाऱ्या किरकोळ हुकुमांवर रिव्हिजन चालत नाही.

रिव्हिजनमध्ये सगळा खटला नव्याने चालत नाही. कोर्ट साधारणपणे असे प्रश्न विचारते: हुकूम काढणाऱ्याला तो अधिकार होता का? सशर्त हुकूम रीतसर निघाला आणि पोचला का? समोरच्याला बोलण्याची संधी मिळाली का? पुरावा घेतला का, की नुसत्या पोलीस अहवालावर शिक्का मारला? त्रास खरोखर सार्वजनिक आहे, की दोन घरांच्या भांडणाला ते नाव दिले आहे? आणि शेवटचा हुकूम गरजेपुरता आहे, की गरजेबाहेर गेला आहे? विद्यार्थी मित्रांनो, हे प्रश्न वहीत लिहून ठेवा. कायद्याचे पुस्तक जवळ नसले तरी घरी कागद आल्यावर ते उपयोगी पडतील.

याचे तीन दाखले देतो.

पहिला बेकरीचा. गोविंद सिंग विरुद्ध शांती सरूप हा खटला 1970 च्या दशकाच्या अखेरीस सर्वोच्च न्यायालयापुढे आला. एका बेकरीची भट्टी आणि धुराडे लोकांना अपायकारक आहेत, असे दंडाधिकाऱ्यांनी स्वतः पाहून ठरवले होते. सर्वोच्च न्यायालय म्हणाले की, प्रश्न एका माणसाच्या हक्काचा नसून लोकांच्या आरोग्याचा आणि सुरक्षिततेचा आहे, तेव्हा ज्याने जागेवर जाऊन धोका पाहिला त्याचे मत मानणे बरे. भट्टी आणि धुराडे काढण्याचा हुकूम कायम राहिला. परंतु त्या जागी बेकरीचा धंदाच करू नये, एवढा जो भाग पहिल्या सशर्त हुकुमाबाहेर गेला होता, तो मात्र न्यायालयाने काढून टाकला. धूर गेला, पण माणसाचा धंदा वाचला. माझ्या चाचांच्या दोन कागदांत हाच फरक होता, हे आपल्या लक्षात आले असेलच.

दुसरा दाखला रतलामचा. मध्य प्रदेशातल्या या शहरातील एका वस्तीत उघडी गटारे, डासांचा सुळसुळाट, दारूच्या कारखान्याचे दुर्गंधी पाणी आणि संडास नसल्यामुळे रस्त्यावरच होणारी घाण, असा प्रकार होता. रहिवाशांनी कलम 133 खाली अर्ज केला, तोही नगरपालिकेविरुद्ध! दंडाधिकाऱ्यांनी नगरपालिकेला सहा महिन्यांत योजना करून हा उपद्रव दूर करण्याचा हुकूम दिला. सत्र न्यायालयाने तो रद्द केला. उच्च न्यायालयाने पुन्हा कायम केला. नगरपालिका सर्वोच्च न्यायालयात गेली आणि म्हणाली, आमच्याकडे पैसा नाही. शिवाय हे लोक जाणूनबुजून तेथे राहायला आले. जुलै 1980 मध्ये न्यायमूर्ती कृष्ण अय्यर आणि न्यायमूर्ती चिन्नप्पा रेड्डी यांनी ही सबब फेटाळली. लोकांना आरोग्याने आणि अब्रूने जगता यावे, हे नगरपालिकेचे मूळ कर्तव्य आहे; पैसा नाही या नावाखाली ते टाळता येणार नाही, असा त्या निकालाचा सारांश आहे. हा निकाल आज चाळीस वर्षांहून अधिक काळ देशभर आधाराला घेतला जातो. येथे ध्यानात घेण्यासारखे हे आहे की, दंडाधिकाऱ्यांच्या हुकुमाला एका कोर्टाने रद्द केले आणि त्याच्या वरच्यांनी उचलून धरले. कोर्टाची तपासणी म्हणजे नेहमी हुकूम मोडणेच, असे नाही. चांगल्या हुकुमाला बळ देणे हेही तिचे काम आहे.

तिसरा दाखला आपल्या महाराष्ट्राचा. कचरूलाल भागीरथ अगरवाल विरुद्ध महाराष्ट्र राज्य. काही व्यापारी राहत्या वस्तीत लाल मिरच्यांची साठवण करीत होते. मिरचीच्या खाटाने काय होते, हे मी आपल्या भगिनींना सांगायला नको. घरात एक वाटीभर मिरची भाजली तरी सगळे घर खोकते. येथे तर गोदामे होती. तक्रार झाली, हुकूम निघाला, व्यापारी वर वर जात राहिले, आणि 2004 साली सर्वोच्च न्यायालयाने त्यांचे अपील फेटाळले. मात्र त्याच निकालात न्यायालयाने एक मर्यादाही सांगितली. हे कलम लोकांना एकूण होणारा त्रास थांबवण्यासाठी आहे. दोघांची खासगी भांडणे सोडवण्यासाठी नाही. भावकीचा राग काढायला कोणी या कलमाचा आधार घेत असेल, तर त्याने हे वाक्य लक्षात ठेवावे.

आता आपल्या मावळाकडे वळू. आपले आंबी गाव पूर्वी कसे होते, हे येथे बसलेल्या बुजुर्गांना विचारा. इंद्रायणी, भातखाचरे आणि पलीकडे तळेगावचा बाजार. आज चहूबाजूंनी औद्योगिक वसाहत आली, कॉलेजे आली, भाड्याच्या खोल्या आल्या, जड वाहने आली. रोजगार आला, त्याचा आनंद आहे. आपलीच मुले त्या कारखान्यांत जातात. पण त्याबरोबर सांडपाणी, कचऱ्याचे ढीग, रात्रीचे आवाज, उघडे खड्डे हेही येते. म्हणजे ज्या परिस्थितीत माझ्या चाचांची शेड सापडली, ती परिस्थिती आता आपल्या दारात आहे. कधी आपण तक्रार करणारे असू, कधी आपल्यावर तक्रार होईल. दोन्हींची तयारी पाहिजे.

धोकादायक बांधकामाचे तर आपल्याला वेगळे सांगायला नको. 15 जून 2025 रोजी, रविवारी, येथून जवळच कुंडमळा येथे इंद्रायणीवरचा जुना लोखंडी पूल गर्दीच्या भाराने कोसळला आणि चार जणांचा जीव गेला. त्याआधी 30 जून 2024 रोजी लोणावळ्यात भुशी धरणाच्या परिसरात एकाच कुटुंबातील पाच जण पाण्यात वाहून गेले. तेव्हा धोक्याच्या ठिकाणी जाण्यास मनाई करणारे हुकूम निघाले. पर्यटकांना ते हुकूम जाच वाटतात, टपरीवाल्यांचा धंदा बसतो, हेही खरे. परंतु जीव गेल्यावर काढलेल्या हुकुमापेक्षा आधी काढलेला हुकूम आणि आधी पाळलेला हुकूम चांगला, हे कोणी नाकारणार नाही.

असे तातडीचे मनाई हुकूम जुन्या कलम 144 खाली, आता 163 खाली निघतात. ते साधारणतः दोन महिन्यांपर्यंतच चालतात. त्यांचीही तपासणी होऊ शकते. नागपूरच्या बाबूलाल पराते यांच्या खटल्यात 1961 साली सर्वोच्च न्यायालयाने ही सत्ता घटनेला धरून आहे असे ठरवले, तेव्हा एक कारण हेच होते की, ज्याच्यावर हुकूम आहे त्याला तो रद्द करण्याचा अर्ज करता येतो आणि वरच्या कोर्टाकडेही दाद मागता येते. सत्ता दिली, पण तिच्यावर नजर ठेवणाराही नेमला; आपल्या राज्यघटनेचा हा स्वभाव आहे.

आता कोणी विचारील, कारखान्याच्या सांडपाण्यासाठी प्रदूषण नियंत्रण मंडळ आहे, मग प्रांत यात कसे पडतील? हा प्रश्नही कोर्टापुढे गेला होता. मध्य प्रदेश सरकार विरुद्ध केडिया लेदर या 2003 च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, पाणी आणि हवा यांच्या प्रदूषणाचे कायदे झाले म्हणून दंडाधिकाऱ्यांची ही जुनी सत्ता संपली नाही. दोन्ही वाटा उघड्या आहेत. तेव्हा "हे आमच्याकडे येत नाही" असे उत्तर मिळाले, तर नम्रपणे हा निकाल दाखवावा आणि उत्तर लेखी मागावे.

शेताच्या वाटेचा किंवा बांधावरच्या रस्त्याचा तंटा मात्र याहून निराळा. तो पुष्कळदा 1906 च्या मामलेदार कोर्ट कायद्याखाली चालतो. अडथळा झाल्यापासून सहा महिन्यांत अर्ज करावा लागतो. कोणता तंटा कोठे न्यायचा, हे आधी विचारून घ्यावे. चुकीच्या दारात वर्ष जाते आणि बरोबर दाराची मुदत संपते.

आवाजाविषयी दोन शब्द. 2000 सालच्या नियमांप्रमाणे रात्री दहा ते सकाळी सहा लाउडस्पीकरला सर्वसाधारणपणे मनाई आहे, आणि राहत्या वस्तीत दिवसा 55 व रात्री 45 डेसिबल ही मर्यादा आहे. हा नियम लग्नाच्या डीजेला आहे, उरुसाला आहे, उत्सवाला आहे आणि आपल्यालाही आहे. आपल्या मुलाच्या वलिम्यात रात्री बारापर्यंत गाणी लावायची आणि दुसऱ्याच्या वरातीबद्दल तक्रार करायची, हे बरे दिसत नाही. शेजाऱ्याचा हक्क आपल्या दीनने किती मोठा मानला आहे, हे येथे मदरशातल्या लहान मुलालाही ठाऊक आहे.

आणि येथेच मला एक कळकळीची गोष्ट सांगायची आहे. धूर, वास, पाणी, वाट यांची भांडणे ही धूर, वास, पाणी, वाट यांचीच राहू द्या. त्यांना जातीची, जमातीची, पक्षाची भांडणे होऊ देऊ नका. चाचांच्या वेळी कोणीतरी येऊन म्हणाले होते, "तुम्ही आपले म्हणून तुमच्यावर अर्ज केला." चाचांनी त्याला गप्प केले. म्हणाले, "त्यांच्या पोरांच्या ताटात माशा होत्या. मी असतो तर मीही केला असता." तो माणूस कागद वाचू शकत नव्हता, पण न्याय त्याला कळत होता. मिरचीच्या व्यापाऱ्याला कोर्टाने जे सांगितले, तेच कोंबड्यांच्या मालकाला सांगितले असते. कायद्यापुढे आपण नागरिक म्हणून उभे राहायला शिकलो, तर पुष्कळ विष आपोआप उतरेल.

आता पालकांना माझी विनंती. कागद आला तर घ्या. नाकारल्याने तो टळत नाही, दारावर चिकटतो. घेतल्याची तारीख त्यावर लिहा. हजर राहण्याची तारीख घरातल्या कॅलेंडरवर लाल खूण करून लिहा. त्या दिवशी जा, आणि जाताना जागेचे फोटो, सातबारा, परवाना, जे असेल ते घेऊन जा. त्रास खरा असेल तर मोकळेपणाने कबूल करा आणि तो कसा कमी कराल ते लेखी द्या. कायद्यात धंदा 'बंद करा' याच्याबरोबर 'नीट चालवा' हाही शब्द आहे. हुकूम झाला तर सही-शिक्क्याची नक्कल लगेच मागा. नव्वद दिवस फार वाटतात, पण पेरणी आली, लग्न आले, आजारपण आले की ते निघून जातात. वकिलाची फी परवडत नसेल, तर कोर्टात विधी सेवा समिती असते. 1987 च्या कायद्याप्रमाणे स्त्रियांना, अनुसूचित जाती-जमातींना आणि ठरलेल्या मर्यादेपेक्षा कमी उत्पन्न असलेल्यांना मोफत वकील मिळतो. त्यात लाज वाटण्यासारखे काही नाही.

आणि जेव्हा आपण तक्रार करणारे असू, तेव्हाही नीट करा. चार जणांच्या सह्या घ्या. केव्हापासून, कोणत्या वेळी, काय त्रास, हे लिहा. 'फार त्रास आहे' एवढ्याने कोर्टाचे समाधान होत नाही. अधिकाऱ्याने खाली नीट चौकशी केली नाही, तर आपल्या बाजूचा चांगला हुकूमही वरच्या कोर्टात टिकत नाही. म्हणून पुरावा नोंदवून घ्या, असा आग्रह तक्रारदारानेही धरला पाहिजे. पण अर्ज करण्याआधी एकदा त्या शेजाऱ्याच्या दारात जाऊन बोला. चाचांकडे कोणी बोलायला आले असते, किंवा चाचा स्वतः गेले असते, तर कदाचित प्रांतांपर्यंत गोष्टच गेली नसती.

विद्यार्थी मित्रांनो, तुम्हाला एकच काम देतो. आज घरी गेल्यावर आईला किंवा दादीला विचारा, घरातले सरकारी कागद कोणत्या डब्यात आहेत. तो डबा उघडा. एकेक कागद काढा आणि मोठ्याने वाचून दाखवा. कळणार नाही तो शब्द शाळेत आणा, मी फळ्यावर लिहीन, आपण मिळून अर्थ लावू. त्यात एखादा असा कागद निघेल, ज्याची तारीख अजून गेलेली नाही.